रावसाहेबाचे वारस

सबंध अशी ही गोष्ट मी आजवर कुणालाच सांगितलेली नाही. तुकडे सांगितले, तेही गेल्या पंधरवड्यात, नाइलाज झाला म्हणून. बायकोला अजून काहीच ठाऊक नाही. आईला सांगायची होती — निदान मी तसं मनात म्हणायचो — पण ती दोन महिन्यांपूर्वी गेली. तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून असेल. किंवा अलीकडे फोन वाजला की मी आधी नाव बघतो, म्हणून असेल.

मी शिक्षक आहे. पडेगावला राहतो, रोज मोटारसायकलनं शाळेत जातो, अजून चार वर्षांनी निवृत्त होईन. आमचं गाव पैठणकडं. तिथं मला नावानं कुणी हाक मारत नाही, ‘गुरुजी’ म्हणतात. पूर्वी लोक अर्ज लिहून घ्यायला यायचे, सरकारी कागद आला की वाचून घ्यायला यायचे. गुरुजींनी वाचलं म्हणजे त्यात तेच लिहिलेलं असणार — असा तो विश्वास होता. त्या विश्वासाचं मी काय केलं, तेच सांगायचं आहे. पण सरळ तिथं पोचता येत नाही मला. जरा वळसा घेऊन येतो.

आम्ही मूळचे मेंढरामागं फिरणारे. वडिलांनी मेंढरं विकून पाच एकर रान घेतलं. वडील गेले तेव्हा सातबाऱ्यावर तीन नावं लागली — आई, मी, आणि माझा धाकटा भाऊ रावसाहेब. मला नोकरी होती. रान तोच कसायचा. विहिरीवर मोटार चालू करताना त्याला शॉक लागला आणि तो जागीच गेला. तेव्हा त्याची बायको कौसा बावीस वर्षांची होती. पोरगी सोनाली, तिला तिसरंही लागलेलं नव्हतं.

आमच्यात विधवेनं पुन्हा लग्न करणं नवं नाही. त्याला पाट लावणं म्हणतात. वाजंत्री नसते, मांडव नसतो, चार माणसांत उरकतं. त्यात एक रीत आहे. पाट लावून जाणारी बाई पहिल्या घरचं काही नेत नाही. डोरलं, जोडवी, पैंजण — जे त्या घरानं घातलं ते सगळं सुपात काढून सासूपुढं ठेवते आणि बाहेर पडते. मागं बघत नाही. तिचा उंबरा सुटला, असं म्हणतात.

दोन वर्षांनी कौसाचा पाट लावायचं मीच मनावर घेतलं. स्थळ मीच पाहिलं — नामदेव म्हणून, पैठणजवळच्या गावचा, गरीब पण निर्व्यसनी. पोरीसकट करून घ्यायला तयार. आई आधी कुरकुरली. मी तिला समजावलं, भावकीला समजावलं. शाळेतल्या सहकाऱ्यांनी कौतुक केलं — धाकट्या भावजयीचं लग्न लावून देणारा मोठा दीर! मला ते कौतुक आवडलं. कौसाचं वय होतं, एकटीनं जन्म कसा काढणार, हे मी म्हणायचो ते खोटं नव्हतं. पण त्याच्या शेजारीच दुसरी एक गोष्ट मनात बसलेली होती. दोन्हींतली चांगली तेवढी मी बोलून दाखवली. दुसरी कोणती, ते तुम्ही ओळखलं असेल.

पाटाच्या दिवशी कौसानं सूप आईपुढं ठेवलं. पोरीच्या हातात चांदीच्या बिंदल्या होत्या, रावसाहेबानं केलेल्या. कौसा त्याही काढायला लागली. आईनं तिचा हात धरला.

“त्या कामून काढतीस? तुझा उंबरा सुटला, पोरीचा नाय सुटत. ती माझ्या रावसाहेबाची हाय.”

हे मी ऐकलं. मी तिथं, दारातच उभा होतो. म्हणजे पोरीचं काय, याबद्दल रीतसुद्धा स्पष्ट होती. अडाणी आईला कळत होती.

रावसाहेबाची वारसनोंद तोवर राहूनच गेली होती. दरम्यान माझ्या बदलीचं एक प्रकरण होतं, त्यासाठी मी शहरात एका वकिलांकडं जायचो. एक दिवस काम झाल्यावर मी सहज विचारतोय असं दाखवून विचारलं — एका ओळखीच्या माणसाची अडचण आहे, त्याच्या मयत भावाच्या बायकोनं दुसरं लग्न केलंय, तर तिचा हक्क जातो ना?

वकील हसले. “नवरा वारला त्याच क्षणी तिचा हक्क लागला, गुरुजी. त्यानंतर तिनं लग्न केलं म्हणून लागलेला हक्क सुटत नाही. वारसातून बाद व्हायचं तर खून करावा लागतो, आणि तोही ज्याची इस्टेट त्याचा. तुमच्या ओळखीच्याला विचारा, लग्न केलं की खून?”

मीही हसलो. मग विचारलं, “आणि मुलगी असेल तर?”

“आईनं दहा लग्नं केली म्हणून मुलीचा बाप बदलतो का? सांगा त्याला, गपगुमान दोघींची नावं लाव म्हणावं.”

सांगतो म्हणालो. चहा पिऊन निघालो.

हे मुद्दाम सांगितलं. कारण पुढं जे घडलं ते अज्ञानातून घडलं असं कुणालाही वाटू शकेल — गावातल्या बाकी सगळ्यांच्या बाबतीत ते खरंही आहे. माझ्या बाबतीत नाही. वकिलांकडून परतल्यानंतर आठच दिवसांनी तलाठी चावडीवर आले.

पाच पंच बसले होते. तलाठ्यांनी विचारलं, मयताची बायको? पंच म्हणाले, तिनं पाट लावला, तिचा उंबरा सुटला. त्यात कपट नव्हतं, त्यांच्या समजुतीनं ते खरंच सांगत होते. रीत हाच कायदा, असं ते आयुष्यभर धरून चालले होते. तलाठ्यांनी माझ्याकडं पाहिलं. “गुरुजी, काय करायचं?” मी म्हणालो, बरोबर आहे त्यांचं.

मग तलाठी म्हणाले, “मूलबाळ?”

पंचांपैकी एक म्हातारे होते, ते काही तरी म्हणणार होते असं मला वाटलं. त्यांच्या आधी मी बोललो. म्हणालो — “मुलगी होती, ती आईबरोबर गेली. तिचं नाव आता तिकडं लागलं. इथं कुणी नाही.”

झालं. एवढंच वाक्य. तलाठ्यांनी लिहिलं, ‘मयतास आईखेरीज अन्य वारस नाही.’ खाली अर्जदार म्हणून मी सही केली. माझं अक्षर चांगलं आहे. पंचांनी अंगठे उठवले. ज्या म्हाताऱ्यांना काही म्हणायचं होतं, त्यांनीही उठवला — गुरुजींनी सांगितलं म्हटल्यावर ते कशाला मध्ये पडतील?

का केलं? उद्या नामदेव बांधावर येऊन उभा राहील, मोजणी आणील, रानाचे तुकडे पडतील, ही भीती होती. पण असली भीती कुणाला नसते? सगळेच का भावाची पोरगी कागदावरून पुसून टाकतात?

आणि थांबलो असतो तरी एक वेळ — पण थांबलो कुठं? त्या वाक्यात मी म्हणालो होतो, तिचं नाव तिकडं लागलं. तोवर ते लागलेलं नव्हतं. मग ते लागेल याची मी व्यवस्था केली. सोनालीला शाळेत घालायच्या वेळी मी स्वतः नामदेवाच्या गावी गेलो. तिथल्या मुख्याध्यापकांशी माझी ओळख होती. कौसाला म्हणालो, पोरीच्या नावापुढं नामदेवाचंच नाव लाव, नाही तर बाकीची पोरं तिला चिडवतील, सारखं विचारतील. कौसाच्या डोळ्यांत पाणी आलं. नामदेवानं माझे पाय धरले — पोरीला त्याचं नाव देतोय म्हणून! मी त्याला उठवलं. पाठीवर हात ठेवला. दाखल्यावर सोनाली नामदेवाची झाली.

नंतर एकदा पैठणच्या स्टँडवर कौसा भेटली. पोरीला घेऊन बसची वाट बघत होती. पदर सावरून म्हणाली, “भाऊजी, पोरीचं नाव-बिव लागतं का वो तिकडच्या रानात? बाया म्हणत्यात लागतं म्हणून.”

मी म्हणालो, कायद्यात बसत नाही.

“मग ऱ्हाऊ द्या. तुम्ही बघितलं म्हंजे बघितलंच.” आणि माझ्या पोरांसाठी तिनं तिथल्या गाड्यावरून पेरू घेऊन दिले. घेतले मी. घरी आणले, पोरांनी खाल्ले.

आई अधूनमधून विचारायची, “पोरीचं नाव लावलंस का रं?” मी सांगायचो, लावलं. तिला वाचता येत नव्हतं. पुढं रस्त्याकडंचा दीड एकरचा तुकडा विकून मी पडेगावला घर बांधलं, तेव्हा तिचा अंगठा घेतला. तिनं विचारलं, पोरीच्या वाट्याला धक्का नाय ना? नाही म्हणालो.

एका वर्षी कापूस फार फुटला होता आणि वेचायला माणसं मिळेनात. पैठणकडून बायकांची टोळी आणली. सुट्टी होती म्हणून मीही रानात गेलो होतो. बघतो तर टोळीत कौसा. कमरेला ओटी बांधून तासातून कापूस वेचत चाललेली. दुपारी भाकरीच्या वेळी बाकीच्या बायांना म्हणाली, “त्या कोपऱ्यातल्या बोरीची बोरं खावा गं. लई गोड. माझंच वावर होतं की हे एके काळी.” एकजण म्हणाली, “मालकीणबाई, मग आमचा रोज वाढवा की!” सगळ्या खदखदून हसल्या. कौसाही हसली. मी लिंबाखाली बसलो होतो, पाठ करून. माझ्यानं उठवेना.

वीस वर्षं अशी गेली. विसरलो होतो असं म्हणणार नाही. पण ती गोष्ट निजली होती.

आई गेली. दहाव्याला कौसा आली, सोनालीही आली. सोनाली आता पैठणला सेवा केंद्र चालवते — दाखले, सातबारे, ऑनलाइन अर्ज. चुणचुणीत आहे, हुबेहूब रावसाहेबासारखी हसते. जाताना म्हणाली, “मोठे काका, आज्जीच्या वारसनोंदीला उगं कुणाच्या मागं फिरू नका. मी भरते ऑनलाइन. घरच्या माणसाचे पैसे नाय घेत मी, घाबरू नका!”

घाबरू नका म्हणाली. त्या दिवसापासून मी दुसरं काय करतोय?

महिनाभरानं तिचा फोन. “काका, आज्जीचे वारस कोण कोण, तेवढं कागदावर लिहून फोटो पाठवा. आणि जुने फेरफार पण काढून ठेवू का? सगळे स्कॅन झालेत आता, दोन मिनिटांत निघतात.” मी वर्गाच्या दारात उभा होतो. नको, नको, त्याची काही गरज नाही, असं एवढ्या जोरात म्हणालो की पोरं वळून बघायला लागली. ती म्हणाली, “बरं, बरं. निवांत पाठवा.”

फेरफार म्हणजे सातबाऱ्यावर नाव का लागलं, का गेलं, याची नोंद. माझं ते वाक्य तिथं आहे. माझ्या सहीनिशी.

आईचे वारस कोण, हे मला आता कुणाला विचारायची गरज नव्हती. जिवंत मुलगा, आणि मेलेल्या मुलाची मुलगी. दोन नावं. मी कागद घेतला आणि एकच लिहिलं — माझं. हो, या खेपेसही. फोटो काढला. पाठवायच्या बटणावर अंगठा होता. मग पाठवला नाही. चांगुलपणा आडवा आला म्हणून नाही, हे ऐकून घ्या. ती कधी तरी फेरफार काढणारच, ही भीती आडवी आली.

दुसऱ्या दिवशी रजा टाकून पैठणला गेलो. दुकानात माणसं होती, प्रिंटर चालू होता. तिनं मला आतल्या खुर्चीवर बसवलं. मी हळू आवाजात सांगायला लागलो. सगळं नाही — चावडीतलं तेवढं. तिनं गट नंबर टाकला, नोंद उघडली आणि वाचली. तिला वेळ लागला. एवढ्याशा मजकुराला एवढा वेळ लागत नाही.

“‘अन्य वारस नाही,’” ती म्हणाली. “काका, मी पाच वर्षांची होते तेव्हा.”

काउंटरवरून एकजण म्हणाला, “ताई, माझं उत्पन्नाचं झालं का?” “थांबा मामा,” ती म्हणाली, पण तिकडं पाहिलं नाही.

मग म्हणाली, “माझ्या दाखल्यावर बापाचं नाव दुसरंच हाय. आधारवर तेच, पॅनवर तेच. आता मी रावसाहेबाची हाय हे सिद्ध कुठनं करू? पंच हायेत का कुणी?”

पंच एकही उरलेला नाही. आई नाही. तिचा जन्म घरात झाला, नोंद कुणी केली नाही. कौसाचा शब्द कोण धरणार? तिचाच तर हक्क नाकारलेला आहे. राहिलो मी. ती रावसाहेबाची आहे हे सांगू शकणारा, त्या घरातला, एकटा मी. हे तिलाही कळलं होतं. तिनं माझ्याकडं पाहिलं. भीक मागितल्यासारखं नाही. मोजमाप घेतल्यासारखं.

“आईला तुम्ही सांगायचं,” ती म्हणाली. “मी नाय सांगणार.”

कौसाच्या घरी गेलो. नामदेव मेंढरांकडं गेला होता. ओसरीत बसून मी म्हणालो, तुमच्या दोघींची नावं लागायला पाहिजे होती, ती लागली नाहीत, माझ्या हातून राहिलं. कौसा तांदूळ निवडत होती, तिनं त्यातला एक खडा काढून बाजूला टाकला. मग म्हणाली, “चुकून झालं आसंल, भाऊजी. तुम्हाला तरी काय ठावं? कायदे बदलत ऱ्हात्यात.”

मी तेव्हाच बोलायला हवं होतं. वकील, चहा, ते आठ दिवस. तोंड उघडलं होतं मी. ती उठून चहा ठेवायला आत गेली, आणि मी गप्प बसलो. तिनं दिलेला चहा प्यायलो. चुकून झालं, हे तिचं वाक्य मी तसंच राहू दिलं. वीस वर्षांपूर्वीचं जे आहे ते आहेच — हे गेल्या आठवड्यातलं आहे.

सोनालीनं सांगितलं, जुनी नोंद बदलायची तर प्रांताकडं अपील करावं लागतं, त्याला माझं प्रतिज्ञापत्र लागेल. काल कचेरीबाहेरच्या टायपिंगवाल्याकडं गेलो. त्याच्याकडं नमुना तयार असतो. त्यानं नावं, गट नंबर विचारले आणि कागद काढून दिला. ‘सदर वारसांची नावे नजरचुकीने नमूद करावयाची राहून गेली.’

मी म्हणालो, यातलं ते ‘नजरचुकीने’ काढून टाका.

“सगळे तेच लिहितात, गुरुजी,” तो म्हणाला. “दुसरं काही लिहिलं तर तुमच्यावरच शेकंल. खोटी माहिती दिली म्हणून पेन्शनच्या तोंडाला गुन्हा लावून घेताय का? वकिलाला तरी विचारा.”

वकिलाला मी एकदा विचारलेलं होतं. मी टायपिंगवाल्याला त्याऐवजी घालायचं वाक्य सांगितलं. त्यानं दोनदा माझ्याकडं बघितलं आणि टाइप केलं. आज सकाळी मी सही करून कागद प्रांत कार्यालयात दिला. दुपारी पैठणला जाऊन एक प्रत सोनालीच्या हातात ठेवली. तिनं उभ्या उभ्या वाचली, दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलं आणि आईला वाचून दाखवते म्हणून निघाली. मला चला म्हणाली नाही.

त्यात चौथ्या परिच्छेदात असं आहे — ‘मयत रावसाहेब यांची पत्नी कौसाबाई व मुलगी सोनाली या दोघी त्यांच्या कायदेशीर वारस आहेत, हे नोंदीच्या वेळी मला पूर्णपणे माहीत होते. माहीत असूनही मी ते सांगितले नाही.’